झांज वाजली की गोठायचं

उठा. वेताची छडी फरशीवर आपटली आहे, आणि दुसऱ्यांदा ती फरशीवर पडणार नाही.

पहाटेचे पाच वाजलेत. तुम्ही दहा वर्षांचे आहात, डोकं पार भादरलेलं आहे, आणि ज्या जुन्या गालिच्यावर तुम्ही रात्र काढलीत तो कधी धुतला होता हे इथल्या थोरल्या मुलांनाही आठवत नाही. घाम, सांडलेली पेज, औषधी तेल आणि कुणीतरी रात्री भीतीनं केलेली लघवी, सगळं त्यात मुरून एकच आंबट वास झालाय. उजवीकडच्या पोराचं कोपर तुमच्या बरगडीत आहे, डावीकडच्याची टाच तुमच्या हनुवटीशी. तोंड धुवायला पाणी शोधू नका. १९६३चा उन्हाळा आहे, हाँगकाँगवर पाऊस रुसलाय आणि नळाला चार दिवसांतून एकदा, फक्त चार तास पाणी येतं. त्या चार तासांत अख्खं शहर बादल्या, डबे, पिंपं, हाताला लागेल ते घेऊन जिन्यांवर रांगा लावतं. आज पाण्याचा दिवस नाही.

जिना चढा. मुलं धावत चाललीत, तुम्हीही धावा. वरचं दार उघडलं की गच्ची. काउलूनमधल्या नेथन रोडवरच्या मिराडोर मॅन्शन या इमारतीत पेकिंग ऑपेरा शिकवणारी एक शाळा आहे, आणि आजपासून तुम्ही तिथले विद्यार्थी. सात वर्षांच्या करारावर आईवडिलांनी सही केली आहे. जेवण, झोपायला जागा आणि शिक्षण शाळेचं. तुम्ही रंगमंचावर जे कमवाल ते शाळेचं. आणि छडीचा हक्क गुरुजींचा. गुरुजींना इथं सगळे ‘सिफू’ म्हणतात. नाव यू जिम-युएन, मूळचे उत्तरेकडचे, रंगमंचावरच आयुष्य काढलेले. त्यांच्या डोळ्यांत थेट पाहू नका. पाय पाहा. ते उभे कसे राहतात हे पाहिलंत तरी पहिला धडा मिळेल.

आता हातांवर उभे राहा. पाय भिंतीला टेकवा, पण भार टाकायचा नाही. पहिली पाच मिनिटं गंमत वाटेल. मग रक्त कानांत येऊन धडधडू लागेल, मनगटं आधी दुखतील आणि मग दुखायचीही थांबतील. घाम आता उलटा वाहतो, छातीवरून गळ्याकडे, हनुवटीवरून नाकात, नाकातून डोळ्यांत. डोळे पुसायला हात मोकळा नाही. तुम्हाला शहर उलटं दिसतंय. खाली लाल दुमजली बस आभाळात लोंबतेय, सिंधी शिंप्यांच्या दुकानांच्या पाट्या पायांवर उभ्या आहेत, आणि दूर काइ टाकच्या धावपट्टीकडे निघालेलं विमान समुद्रातून वर चाललंय. कुठल्यातरी बेकरीतून गोड पावांचा वास येतोय. पोट त्या वासाला प्रतिसाद देतं. हात देत नाहीत, थरथरतात.

पडू नका. एक पडला तर सगळ्यांना मार, असा नियम आहे.

तुमच्या शेजारच्या उलट्या चेहऱ्याकडे एकदा बघून घ्या. अकरा वर्षांचा आहे. अजून जाडा नाही, पण हाडापेरानं मोठा. शाळेतलं त्याचं नाव युएन लुंग. इथल्या मुलांना सिफूंच्या नावातलं ‘युएन’ मिळतं. तो थोरला आहे, म्हणजे सिफू नसतील तेव्हा छडी त्याची. धाकटी पोरं त्याला सिफूंइतकीच भितात, क्वचित जास्त. त्या धाकट्यांमध्ये एक चपळ, वात्रट पोरगा आहे, त्याला पुढे जग जॅकी चॅन म्हणून ओळखेल. एक सडपातळ आहे, हवेत कोलांट्या घेताना जणू जमीन विसरणारा, तो युएन बियाओ. युएन वाह आणि कोरी युएनही इथलेच. पण आज आपण या थोरल्यासाठी आलोय. त्याला घरी सॅमो म्हणतात, डोक्यावर तीन केस असलेल्या एका चित्रकथेतल्या पोराच्या नावावरून. सॅमो हंग.

इथं जे चाललंय त्याला मी शिस्त म्हणून गौरवणार नाही. लहान मुलांना मारून शिकवणं वाईटच, आणि त्यातून पुढे मोठे कलावंत निघाले म्हणून ते चांगलं ठरत नाही. या मुलांना धड लिहायला-वाचायलाही कुणी शिकवलं नाही. तरी गच्चीवर दुसरंही काही घडतं, आणि ते बघितल्याशिवाय पुढची साठ वर्षं कळायची नाहीत.

ऐका. सिफू लाकडावर टिपऱ्या वाजवताहेत. टक, टक, टकटकटक. पेकिंग ऑपेरात लढाई गाण्यावर होत नाही, वाद्यांवर होते. छोटा टणक ढोल वाट दाखवतो, काशाचा मोठा थाळा वजन देतो, झांजा गर्दी करतात. तुम्ही भाला फिरवता, उडी मारता, गिरकी घेता, समोरच्याच्या डोक्यावरून जाता, आणि झांज फुटल्यासारखी वाजते त्या क्षणी जिथं असाल तिथं गोठता. मान वळलेली, डोळे ताणलेले, एक पाय हवेत. श्वाससुद्धा दिसता कामा नये. मग पुन्हा टक, टक, आणि पुन्हा ठोक्यांचा पाऊस. लेझीम खेळलेल्या माणसाला हे हाडांतून कळेल: हलगी जे सांगते ते डोक्यात जात नाही, थेट गुडघ्यात उतरतं. या मुलांच्या गुडघ्यांत ते रोज पहाटे उतरतंय. सॅमो गोठतो तेव्हा बघा. बाकीची पोरं थांबतात. तो जागच्या जागी रुततो.

रात्री लाइ युएनला चला. लाइ ची कॉकची बाग म्हणजे हाँगकाँगच्या गरिबांची जत्रा. भुताचं घर, फिरते पाळणे, छोटंसं प्राणिसंग्रहालय, त्यात तीनो नावाची हत्तीण. तिच्या पिंजऱ्यावरून वारा आला की ओल्या गवताचा आणि शेणाचा वास येतो, आणि पुढच्याच पावलावर कोळशावर भाजलेल्या सुक्या माकुलाचा. पोरं आइसक्रीम चाटताहेत, ट्रान्झिस्टर किरकिरताहेत, पाळण्यावर कुणीतरी आनंदानं किंचाळतंय. या गोंगाटात पत्र्याच्या छपराखाली रंगमंच आहे आणि त्यामागं तुमची रंगपटाची खोली. आत हवा नाही. पन्नास-शंभर मेणचट रंगडब्या उघड्या आहेत. चेहऱ्यावर आधी पांढरा, मग लाल, मग काळा. त्यावर पट्टी बांधायची, कपाळावरून मागे इतकी घट्ट की भुवया आणि डोळ्यांचे कोपरे वर ओढले जावेत. शूरांचे डोळे असे दिसतात म्हणे. दहा मिनिटांत मळमळायला लागेल. उलटी झाली तर गिळा, रंग पुन्हा लावायला वेळ नाही.

बाहेर बाकांवर जे बसलेत त्यांना तुमच्या गाण्यातलं फारसं कळत नाही. तुमचं गाणं उत्तरेच्या बोलीत, त्यांची भाषा कॅन्टनीज. गायक आला की ते शेंगा सोलतात, उठून जातात, पोराला हत्तीण दाखवून येतात. मग वानरराज सुन वुकाँग काठी गरगरवत येतो, दहा पोरं एकामागून एक हवेत कोलांट्या घेतात, आणि अख्खा मांडव वळतो. ही गोष्ट पोरांच्या लक्षात आली असणारच. शब्द अडतात, शरीर पोचतं.

पण हे प्रेक्षकही दरवर्षी कमी होत चाललेत. लोक सिनेमाला जाताहेत. मग सिनेमालाही पोरं लागतातच की, कोलांट्या मारणारी, पडणारी, मेलेली म्हणून पडून राहणारी. सॅमोच्या घरी सिनेमा नवा नाही. त्याची आजी चिन त्झी-आंग शांघायच्या मूकपटांत तलवार चालवायची, आजोबा दिग्दर्शक. (ही आजी फार पुढेपर्यंत पडद्यावर येत राहिली. वॉन्ग कार-वाईच्या ‘इन द मूड फॉर लव्ह’मधली घरकाम करणारी म्हातारी बाई आठवते? तीच.) मधल्या काळात दुखापतीनं सॅमो बरेच दिवस अंथरुणावर पडला, आणि उठला तेव्हा अंगानं भरलेला होता. ते वजन पुन्हा गेलं नाही. कोलांट्याही गेल्या नाहीत.

आता तुमचं वय वाढवू. वीस वर्षांचे व्हा. सत्तरचं दशक सुरू झालंय.

गोल्डन हार्वेस्टचा स्टुडिओ डायमंड हिलवर आहे, झोपड्यांच्या दाटीला लागून. तुम्ही ‘लुंग-फू मो-सी’, म्हणजे वाघ-ड्रॅगन लढवय्ये, या नावानं ओळखल्या जाणाऱ्या टोळीत आहात. आपल्याकडे स्टंटमन म्हणतात. सकाळी चहाच्या टपरीवर दाट दुधाचा, कडक, जिभेला चिकटणारा चहा. कापडी पिशवीतून पुन्हा पुन्हा गाळून तो असा होतो. मग सेटवर. आज दुसऱ्या मजल्याच्या सज्ज्यावरून पाठीवर पडायचंय. खाली काय आहे? रिकामी खोकी, एकावर एक रचलेली, त्यावर एखादी गादी, आणि गादी चित्रचौकटीत येत असेल तर गादी नाही. अंगावर पांढरी भुकटी चोपडा, लाथ बसली की धूळ उडायला हवी, म्हणजे थेटरात शेवटच्या रांगेतल्यालाही ती बसलेली दिसेल. गुडघ्याला जडीबुटी मुरवलेली दारू चोळलेली असते. तिचा झणझणीत वास, घामाचा वास, नव्या रंगाच्या पुठ्ठ्याच्या भिंतींचा वास. दुपारी डबे येतात. भात, वर लाल झिलई आलेलं भाजलेलं डुक्कर, पालेभाजीचे दोन देठ. तुमचा हात मुरगळलाय म्हणून शेजारचा तुम्हाला डाव्या हातानं चॉपस्टिक धरायला शिकवतोय. हसू नका, बरगडी दुखेल.

सॅमो एव्हाना इथला जाणता झालाय. आधी शॉ ब्रदर्सच्या तलवारपटांत गर्दीतला, मग पडणारा, मग इतरांना कसं पडायचं ते सांगणारा. ‘अँग्री रिव्हर’पासून तो गोल्डन हार्वेस्टच्या हाणामाऱ्या बसवू लागला. आणि याच स्टुडिओत ब्रूस लीशी त्याची गाठ पडते. ही भेट तो पुढे अनेकदा सांगत आला आहे: दोघांत हातघाईची गंमत ठरली, आणि सॅमोनं पाय उचलायच्या आत ब्रूसचा पाय त्याच्या तोंडासमोर होता.

‘एंटर द ड्रॅगन’ची सुरुवात तुम्ही मुंबईपुण्याच्या थेटरात नाहीतर टीव्हीवर नक्की पाहिली असेल. बौद्ध भिक्षूंचा वेढा, मधे आखूड काळी चड्डी आणि हातमोजे घातलेले दोन पुरुष. सडपातळ तो ब्रूस ली. दुसऱ्या गुबगुबीताचं नाव कुणी विचारलं नव्हतं. आता या वेळी त्या वेढ्यात बसा. ऊन मानेवर येतंय. एक फेक, पाठ आपटल्याचा धप्प आवाज, आणि तो जाडा मुलगा उसळी घेऊन पुन्हा उभा. ब्रूसला हवं तसं, हवं तिथं, हवं तेव्हा पडणं ही सोपी गोष्ट नाही. शेवटी त्याचा हात ब्रूसच्या कचाट्यात आणि हार. याच सिनेमात ब्रूसच्या ज्या कोलांट्या पाहून आपण टाळ्या पिटल्या त्या मारणारा गच्चीवरचा युएन वाह. त्या पोरांनी किती जणांच्या अंगाला आपले हातपाय उसने दिले याचा हिशोब कुठंच नाही.

१९७७ला सॅमो स्वतः दिग्दर्शक झाला, ‘द आयर्न-फिस्टेड मंक’. पण मी तुम्हाला पुढच्या काही वर्षांतल्या कुठल्याही एका सेटवर नेणार आहे, कारण तिथली हवा सारखीच असते. मुहूर्त आहे. टेबलावर अख्खं भाजलेलं डुक्कर, कातडं काचेसारखं तडतडीत. फळं, उदबत्त्यांचा जुडगा, लाल कापडानं झाकलेला कॅमेरा. सगळे चारी दिशांना उदबत्ती धरून वाकतात, मग डुकरावर सुरी चालते, आणि पहिला तुकडा हातात येतो तेव्हा चरबीचा गरम थेंब मनगटावर ओघळतो. खा. रात्रीपर्यंत पुन्हा कधी खायला मिळेल ठाऊक नाही.

आता कॅमेरा सुरू झालाय आणि तुम्हाला धक्का बसेल: इतका आवाज! हे सिनेमे मूकच चित्रित होतात, संवाद आणि मुठींचे आवाज नंतर स्टुडिओत भरतात. त्यामुळे टेक चालू असताना दिग्दर्शक ओरडतोय, कुणी मोजतोय, बाजूला कुणी ठोकतंय, बाहेर विमान जातंय, कुणाला फरक पडत नाही. कॅमेरा सेकंदाला २४च्या जागी थोड्या कमी चौकटी टिपतो, म्हणजे पडद्यावर हात जरा जास्त झपाट्यानं हलतील. पण वेगात मर्म नाही. तुम्ही त्यांच्यामधे उभे राहा आणि पायाकडे बघा. वार, अडव, वार, अडव, गिरकी, वार, आणि थांब. अर्धा श्वास. दोघे एकमेकांकडे बघतात. मग पुन्हा पाऊस. ही थांब तुम्ही ओळखली असेल. झांज वाजलेली नाही, पण सगळ्यांना ऐकू आली. आणि ज्या पोरांनी ती गच्चीवर एकत्र ऐकली होती तीच पुन्हा आजूबाजूला आहेत. युएन बियाओला ‘नॉकअबाउट’मध्ये सॅमोनंच नायक केलं, ‘द प्रॉडिगल सन’मध्येही. एके काळी ज्यांना छडीनं उठवलं त्यांना आता तो कामं देतोय. मला वाटतं दिग्दर्शक म्हणून त्याचं मोठेपण इथं सुरू होतं. तो स्वतःला पडद्यावर दाखवायचाच, पण त्याच्या सिनेमातलं सर्वांत सुंदर उड्डाण बहुधा दुसऱ्या कुणाचं असतं.

रात्र झाली. झोपायचं नाही. मॉन्ग कॉकच्या रस्त्यावर या, निऑनचा हिरवा आणि गुलाबी उजेड लोकांच्या चेहऱ्यांवर पडलाय. १९८०चा डिसेंबर, थंडी आहे, तरी थेटरासमोर मुंगीलाही वाट नाही. गरम वाळूत काळे पडलेले चेस्टनट भाजण्याचा खरखराट, माकुलाचा धूर, कागदी पुड्या. मध्यरात्रीच्या खेळाची तिकिटं. हाँगकाँगमध्ये सिनेमा असा तपासतात: प्रदर्शनाआधी मध्यरात्री लोकांसमोर ठेवायचा आणि दिग्दर्शकानं मागं अंधारात उभं राहून ऐकायचं. आवडला तर छत उडतं. नाही आवडला तर पडद्यावरच्यांच्या आणि त्यांना पडद्यावर आणणाऱ्यांच्या आयाबहिणींचा उद्धार. काही वेळा त्या शिव्या ऐकून सकाळी रिळं पुन्हा कापायला घेतात.

आत सिगारेटच्या धुराचा निळा पट्टा प्रोजेक्टरच्या झोतात हलतोय. खुर्ची चिकट आहे, पायाखाली सालं. शेजारच्या बाईनं अख्खं कुटुंब आणलंय, मांडीवर झोपलेल्या बाळासकट. पडद्यावर सॅमो आहे: एक बढाईखोर, धीट म्हणवणारा, बायकोनं फसवलेला गरीब माणूस. पैजेपायी त्याला देवळात प्रेताच्या पेटीसोबत रात्र काढायचीय. एका जाणत्यानं सल्ला दिलाय, प्रेत उठू लागलं की पेटीत कोंबडीचं अंडं टाक. झाकण करकरतं. अंडं. झाकण बसतं. पुन्हा करकर, पुन्हा अंडं. थेटर मोजायला लागलंय. आणि मग कळतं, अंडीवाल्यानं कोंबडीच्या अंड्यांत बदकाची मिसळली आहेत. तुमच्या पुढच्या रांगेतला माणूस उभा राहून त्या अंडीवाल्याला शिवी घालतोय. मागून कुणीतरी त्याला बसवतंय. बाळ जागं झालंय. तुम्ही घाबरलाही आहात आणि हसताही आहात, आणि यातलं आधी काय आलं हे तुम्हाला सांगता येत नाही.

कडक पाय, पुढे ताणलेले हात, उडी, उडी. हाँगकाँगच्या पडद्यावर ती उड्या मारणारी प्रेतं ‘एन्काउंटर्स ऑफ द स्पूकी काइंड’नं अशी काही रुजवली की पुढे कित्येक सिनेमे त्यांच्यावर जगले, ‘मिस्टर व्हॅम्पायर’ तर सॅमोनंच निर्माता म्हणून केला. शेवटच्या लढाईत दोन मांत्रिक उंच मचाणांवर, आणि खाली देव अंगात येऊन लढणारी माणसं. सॅमोच्या अंगात कोण येतं? वानरराज. पोट पुढं, बोटांनी खाजवत, मान झटक्यानं वळवून तो जाडा माणूस टुणकन उडतो, आणि पुढच्या रांगेतला कुणी म्हातारा ओरडतो. त्यानं लाइ युएनच्या पत्र्याखाली हेच माकड पाहिलं असेल का? असेलही. या सिनेमाचा शेवट मात्र मला सहन होत नाही. बायकोला बदडण्यावर तो थेटर हसवतो, आणि इतक्या हुशार सिनेमाला ते शोभत नाही.

ऐंशीचं दशक आता आपण धावत ओलांडू, कारण तो स्वतःही धावतच होता. ‘प्रोजेक्ट ए’त जॅकी, बियाओ आणि तो, तिघे गच्चीवरचे. मग ‘व्हील्स ऑन मील्स’साठी सगळा बारदाना बार्सिलोनाला, तिथल्या उन्हात, अनोळखी भाषेत, हाँगकाँगी स्टंटमन जेवणाच्या डब्याची आठवण काढत पडताहेत. ‘ईस्टर्न कॉन्डॉर्स’साठी फिलिपिन्सच्या रानात गेले, आणि त्या सिनेमासाठी त्यानं वजन उतरवलं, पाहणाऱ्यांनी डोळे चोळले.

पण एका ठिकाणी थांबायलाच हवं. १९८८. अ‍ॅलेक्स लॉ दिग्दर्शित ‘पेंटेड फेसेस’. सेटवर पोरं आहेत, डोकी भादरलेली, भिंतीला पाय लावून उलटी. त्यांच्यामधून एक भारदस्त माणूस हातात छडी घेऊन फिरतोय. लांब झगा, आखूड केस, मंद चाल. सॅमो स्वतःच्याच सिफूंचं काम करतोय. या एका भूमिकेत तो एकही लढाई जिंकत नाही. प्रेक्षक घटतात, भाड्याच्या खोल्या सुटतात, जी कला मुलांच्या अंगात ठोकून बसवली तिला विचारणारं कुणी उरत नाही, आणि हा माणूस छडी घट्ट धरून उभा राहतो. तुम्ही त्या पोरांमध्ये उभे असाल तर तुम्हाला त्याच्या हातातल्या छडीची भीती वाटेल आणि त्याची दयाही येईल. मार खाल्लेल्या माणसानं मारणाऱ्याला असं आतून समजून उभं करणं मी दुसऱ्या कुणात पाहिलेलं नाही. त्यासाठी त्याला तैवानचा गोल्डन हॉर्स आणि हाँगकाँग फिल्म पुरस्कार, दोन्हीकडे सर्वोत्कृष्ट अभिनेता म्हणून गौरवलं गेलं. त्यानंतर तीसेक वर्षांनी ‘सेप्टेट’ या सात दिग्दर्शकांच्या सिनेमात त्यानं आपल्या वाट्याच्या कथेत पुन्हा तीच तालीम चित्रित केली, आणि सिफूंचा झगा आपला मुलगा टिमी याला घातला.

नव्वदच्या शेवटी दोन वर्षं अमेरिकेत गेली, ‘मार्शल लॉ’ या मालिकेत, लॉस एंजेलिसमधला चिनी पोलीस म्हणून. इंग्रजी येत नव्हतं तेव्हा संवाद ध्वनींनी पाठ केले. तुम्हाला तिथं नेत नाही. तिथं प्रत्येक गोष्टीचं वेळापत्रक होतं, आणि अमेरिकन टीव्हीत या माणसाला श्वास घ्यायला जागा कमी पडली असं माझं मत आहे.

आता हा शेवटचा सेट. कपड्यांना धूळ लावा, तुमचं काम आहे. ‘इप मॅन २’, प्रदर्शन २०१०चं. पन्नासच्या दशकातलं चहाघर उभं केलंय. लाकूड ताजं कापलेलं, भुश्याचा वास, दिव्यांनी भट्टीसारखा उकाडा. मधे एक गोल टेबल. भोवती स्टुलं उलटी, पाय वर करून रचलेली, म्हणजे खाली पडणाऱ्याच्या पाठीत ते पाय घुसावेत. नियम असा की उदबत्ती जळून संपेपर्यंत टेबलावर टिकायचं. डॉनी येनचा इप मॅन एकामागून एक आव्हानं परतवतोय, आणि शेवटी टेबलावर सॅमो चढतो, हुंग गार या कुंग फू शैलीच्या गुरूच्या वेशात. नुकतीच त्याच्या हृदयावर शस्त्रक्रिया झाली आहे. सत्तावन्न वर्षांचा आहे. सिनेमातली सगळी हाणामारीही त्यानंच बसवली आहे, म्हणजे टेबलावर तोच, आणि टेबलाबाहेरून बघणाराही तोच.

पाय बघा, पाय. टेबल कलतं, तो वजन मागच्या टाचेवर घेतो, टेबल सावरतं. टेबल पुन्हा कलतं, आता डॉनीच्या बाजूला. मुठी इतक्या जवळून जाताहेत की वाऱ्यानं तुमच्या अंगावरची भुकटी हलते. वार, अडव, वार, अडव, गिरकी. थांब. सेटवरचे नवे पोरगेही त्याच क्षणी श्वास धरतात, ज्यांनी कधी लाइ युएन पाहिलं नाही, कधी छडी खाल्ली नाही. त्यांना हे सॅमोच्या पावलांनी शिकवलंय. आणि मग दोघांचे हात एकदम आदळतात, टेबल मधोमध तडकून दोन तुकडे होतं, आणि दोघे दोन अर्ध्यांवर उभे.

ओरडू नका, अजून झालेलं नाही. कोपऱ्यात भाताचे डबे आलेत पण ते नंतर. तुमच्या हातातली खोकी बाजूला ठेवा, त्या तुटलेल्या फळ्या उचला, नवं टेबल आत येतंय, त्याचा पाय नीट बसलाय का ते दोनदा हलवून बघा. स्टुलं पुन्हा उलटी लावा. चिपळी वाजायच्या आत चौकटीबाहेर पळा, कारण तो पुन्हा वर चढलाय आणि पुढचा टेक घेताहेत.